लिस्बनमधले रोडगे

बाबा, तुमाले आन आईले लिस्बनहून पिंकीचा सप्रेम जयभीम.

मी मजेत आहे. थंडीची आता सवय झाली. आईचा गुडघा कसा आहे? दर्यापूरले डॉक्टरकडे गेली, का नुसतं तेलच चोळून रायली?

तुमी फिल्मचं विचारलं होतं. दुसऱ्या देशातून इथं कामाले आलेल्या लोकायवर काढून रायली, पण महिनाभर कॅमेऱ्यासमोर कोणी बोलेच ना. मंग रविवारी नदीकाठच्या बागेत सगळ्यायले जेवाले बोलावलं आन तुमी वावरात शिकवले तसे कणकेचे रोडगे विस्तवात भाजाले लावले. गोवऱ्या इथं कुठल्या! लाकडं पेटवले, तं धूर असा झाला का आगीचा बंबच आला.

वर्दी पाहून मले वाटलं, आता सगळे पळतीन. ढाक्याकडचा शम्सुलभाई तं सगळ्यात भित्रा, त्याचे राहायचे कागदं अजून झाले नाही. पण तोच पुढं झाला आन बंबवाल्यायले त्यायच्याच भाषेत म्हणे, "पोरगी आमची आहे. आमीच पेटवाले सांगतलं."

बंबवाले लय रागावले. पण रोडगे निघेपर्यंत थांबले, मंगच पाणी मारलं. जाताना दोन खाऊनही गेले.

कॅमेरा चालूच होता, बाबा. असा शॉट मले पुन्हा भेटत नाही. पण शम्सुलभाईचा चेहरा कोणाच्या नजरेत आला तं त्याले इथून हाकलतीन. घरी येऊन मी तो शॉट पुसून टाकला. बरोबर केलं ना?

फिल्म अजून अर्धीच आहे. रोडगा मात्र एकही नाही उरला.

तुमची,
पिंकी