शेवटच्या सीनला संगीत नको

सर, आज एक तरुण दिग्दर्शक मला म्हणाला, "इथे जरा म्युझिक वाढवा ना," आणि मला तुमची ती रेकॉर्डिंगची दुपार आठवली. तेव्हा मी पुण्याहून लंडनला येऊन साउंडचा कोर्स संपवला होता, वेम्बलीत एका खोलीत राहत होते, आणि माझा व्हिसा तुमच्याकडच्या नोकरीवर होता. तुमचं स्वयंपाकघर हाच स्टुडिओ. पियानोशेजारी मसूर शिजतायत, तुम्ही एका हाताने ढवळताय, दुसऱ्याने सूर शोधताय. लष्कराच्या राजवटीत ग्रीस सोडून आलात, इथे आधी लग्नांतून वाजवलंत, मग जाहिराती, मग सिनेमे. हे सगळं तुम्ही कांदा चिरता चिरता सांगायचात, दुसऱ्या कुणाचं सांगावं तसं.

ती फिल्म तुमची शेवटची ठरणार, हे आपल्याला माहीत नव्हतं. तिच्या शेवटच्या सीनमध्ये बंदरावर आई मुलाचं प्रेत ओळखायला येते. ती चादर उचलते तिथे तुम्ही एकही सूर लिहिला नव्हता. निर्मात्याला तिथे व्हायोलिन हवी होती. "प्रेक्षक रडले पाहिजेत," रेकॉर्डिंग स्टुडिओत काचेपलीकडच्या खोलीतून तो माइकवरून म्हणाला. तुम्ही म्हणालात, "ते तिचं काम आहे, व्हायोलिनचं नाही." सगळा ऑर्केस्ट्रा खाली मान घालून बसलेला. निर्मात्याने माइक बंद केला आणि माझ्याकडे वळला. "समजाव त्याला. आमच्याकडे दुसरा माणूस तयार आहे." मी काचेचं दार ढकलून तुमच्यापाशी आले.

"सर, चार ओळी लिहून द्या. ते तुम्हाला काढतील."

"सीन बघताना तुला तिथे काही ऐकू येतं?"

"नाही."

"मग झालं."

तुम्ही वादकांचे आभार मानलेत, कोट घातलात आणि निघालात. मीही तुमच्या मागे आले. घरी माझ्यापुढे सूप ठेवून म्हणालात, "उद्या त्यांच्याकडे जा. नव्या माणसाला ही फिल्म माहीत असलेलं कुणीतरी लागेल."

"मी नाही जाणार."

तुम्ही पहिल्यांदाच माझ्यावर ओरडलात. "निष्ठा दाखवून क्रॉयडनच्या ऑफिसात व्हिसा मिळतो का? नोकरी धर आणि काम शीक!"

मी गेले. त्यांनी माझा व्हिसा केला. तुम्हाला मात्र त्यानंतर कुणी बोलावलं नाही. पुढच्या हिवाळ्यात तुम्ही गेलात, त्याआधी मी दर रविवारी यायचे, आणि त्या फिल्मबद्दल तुम्ही काही विचारलं नाहीत. मीही सांगितलं नाही. तुमच्या मुलीचा पत्ता माझ्याकडे आहे, पण हे पत्र तिला पाठवणार नाही. फिल्म लागली तेव्हा मी एकटीच बघायला गेले होते, सर. आईने चादर उचलली, त्यांची व्हायोलिन सुरू झाली, आणि मी रडले.