चार ओळी मोहिनीसाठी

३ नोव्हेंबर २०२५

लातूरचा गुरुलिंग पेंटर मोबाईलवर मुलाखती देऊन राहिलाय! म्हणे, मॉर्निंग शोच्या चावट सिनेमांच्या पोस्टरची स्टाईल त्याची. खोटारडा! निळी रात्र, अर्ध्या गालावर कंदिलाचा पिवळा उजेड, बाई झाकलेली तरी बघणाऱ्याची सायकल थांबायची — सगळं माझं. हदगावच्या शाळेत चित्रकला शिकवायचो. असल्या पोस्टरवर सही केली असती तर नोकरी गेली असती, म्हणून सही त्याची. सही दिली होती. हात नव्हता दिला. आता सोडत नाही त्याला.

५ नोव्हेंबर

लातूरहून वर्षाराणी आली. पस्तिशीची, धीट. मोबाईलवर फक्त प्रौढांसाठी तिचं पान आहे, नाव 'मॉर्निंग मोहिनी'. "बाकीच्या सगळ्या एका साच्यातल्या, गुरुजी. गोऱ्या करून घेतलेल्या. मला पोस्टर व्हायचंय."

सोबत आणलेलं तिचं चित्र गुरुलिंगनं काढलंय. अक्षरांना हात थरथरतो, म्हणून त्यानंच तिला माझ्याकडं पाठवलं. चार ओळी हव्यात, मीच रचायच्या. आयता सापडला!

६ नोव्हेंबर

सकाळभर गुणगुणलो. पाचवीत बाकं वाजवून कविता म्हणायचो, तो ठेका अजून बोटांत आहे. आणि ओळींच्या पहिल्या अक्षरांत कुणाचं तरी नाव लपवायची ती खोडी! जमलं —

गुलछडीचा गंध ल्याली सावली,
रुसुनि दारी आज माझ्या थांबली.
चोरपायी रात आली अंगणी,
रसिकराजा, मीच माझी बाहुली.

पहिली अक्षरं उभी वाचायची. गुरु चोर! 'लिंग' मावलं नाही. कळायचं त्याला कळेल.

७ नोव्हेंबर

चित्रावर ओळी रंगवल्या. चारही पहिली अक्षरं लाल केली. आंधळ्यालाही दिसावीत.

९ नोव्हेंबर

वर्षाराणी चित्र घेऊन गेली. ओळी म्हणून दाखवल्या तर म्हणाली, "बाहुली बी मीच, खेळणारी बी मीच. लई बरोबर लिवलंत." क्षणभर माझी चलबिचल झाली. पण वार तिच्यावर नाही, त्याच्यावर आहे. बघू दे साऱ्या जगाला!

१४ नोव्हेंबर

पोस्टर तिच्या पानावर लागलं. माझ्या ओळींखाली तिनं गुरुलिंगचे शब्द टाकलेत — "मुलाखतीत मी खोटं बोललो. ही स्टाईल हदगावच्या गुरुजींची. माझी नुसती सही."

त्याखाली लोक हसून राहिलेत. कुणीतरी विचारलंय, लाल अक्षरांतला हा गुरु चोर कोण? दुसऱ्यानं लिहिलंय, नाव खालीच दिलंय की — हदगावचे गुरुजी.