दीक्षा हवेत थांबते

हडपसर, पुणे

आदरणीय द्वारकाताईस, धाकट्या राधेचा मनापासून जय भीम. तुझी शुगर आणि भावजींचा खोकला आता बरा असेल. (त्यांना म्हणावं, पंख्याखाली झोपू नका.) तुझ्या आनंदच्या लग्नाला मी येणार म्हणजे येणारच, साडीसुद्धा काढून ठेवली आहे.

तर आपली दीक्षा, माझी नात, व्हॉलीबॉल खेळते हे तुला ठाऊकच आहे. उंचीनं माझ्यावर गेली, म्हणजे बुटकीच. जिल्ह्याच्या संघात घेतात की नाही, या काळजीनं पोरीला जेवण जात नव्हतं. सर म्हणाले, उंची नाही तर उडी दाखव. मग घरातच सराव. बोटं पिठात बुडवून आधी उभ्यानं भिंतीवर एक पंजा, मग उडी मारून वर दुसरा. मधलं अंतर तेवढी उडी. (भिंत दिवाळीतच निळी रंगवलेली. सूनबाई निकिता कामावर होती, ते बरं.)

मी म्हटलं, अगं, तू वर गेलीस की हवेत थांबतेस. ती हसायला लागली. म्हणे, आजी, थांबत कुणीच नाही, वर जाताना वेग कमी कमी होतो, टोकाला तर अगदीच हळू, म्हणून उडीतला निम्मा वेळ वरच्या पाव भागातच जातो, बघणाऱ्याला वाटतं थांबली. मी लिंबू उडवून पाहिलं. खरंच गं, वर जाऊन रेंगाळतं. (मग फ्रिजखाली गेलं, अजून तिथंच आहे.)

संध्याकाळी निकितानं भिंत पाहिली. आता पोरीचा सराव बंद होणार, म्हणून मी सांगून टाकलं की पंजे माझे आहेत. ती शांतपणे म्हणाली, “वरचासुद्धा? मग एकदा मारून दाखवा, आई.”

माघार कशी घेणार? पदर खोचला, हात पिठात घातला आणि मारली उडी. माझा पंजा दीक्षाच्या खालच्या पंजाला जेमतेम टेकला. पण दीक्षानं मोबाइलवर काढलेली उडी हळू करून दाखवली, पाय जमिनीवरून सुटले होते, ताई. निकिता इतकी हसली की भिंतीचं विसरलीच. आणि काल दीक्षाची संघात निवड झाली.

घरी सगळ्यांना जय भीम सांग.

तुझी,
राधा

ता. क. गुडघा सुजला आहे. भावजींना सांगू नकोस, ते लगेच निकिताला फोन करतात.

आणखी एक राहिलं. दीक्षाचा पहिला सामना नेमका आनंदच्या लग्नाच्या दिवशी आला आहे. लग्न एक दिवस पुढं घेता येईल का? आपल्यात मुहूर्त बघत नाहीत, तेव्हा अडचण नसावी. नवरानवरीला म्हणावं, थांबावं लागत नाही, थांबल्यासारखं नुसतं वाटतं.