घंगाळातला समुद्र

२ एप्रिल १९७४
आजपासून सदर भागात श्रीधर मोहरीलसाहेबांकडे कामाला लागले. बुडालेल्या जहाजांवर माहितीपट काढण्यात त्यांची हयात गेली. पाण्याखाली घेतलेल्या चित्राला आवाज नसतो. म्हणून मी पडद्याकडे बघत घंगाळातल्या पाण्यात हात फिरवायचा, वर ध्वनिमुद्रक. स्वयंपाकीण मनकर्णा म्हणाली, काहून वं यमुताई, गोरेवाड्याच्या तलावाचं पाणी अन् सोंग समुद्राचं! खूप दिवसांनी हसले.

६ एप्रिल
हात जमू लागला. पंजा आडवा फिरवला की लाट, बोटं हलवली की पाणबुड्याचे बुडबुडे. जहाजांची एवढी माहिती कशी, असं साहेबांनी विचारलं. सांगितलं, आमचे हे मालवाहू जहाजावर खलाशी होते. दोन वर्षांपूर्वी जहाज बुडालं, देह मिळाला नाही. तेव्हापासून वाचनालयातलं समुद्राचं एकही पुस्तक सोडलं नाही. ह्यांना शेवटचं भेटायचं राहिलं, तेवढंच मनात आहे.

११ एप्रिल
ध्वनिफीत ऐकली. साहेबांनी ‘सुरू’ म्हणण्याआधी, माझा हात हलण्याआधीच पाणी वाजतं. साहेब म्हणाले, यंत्राचा दोष. मी पाणी चाखलं. खारट. मनकर्णा शपथेवर सांगते, मीठ तिनं टाकलं नाही.

१३ एप्रिल
हात बाहेर काढला, तरी आवाज चालूच. साहेबांनी घंगाळ अंगणात उपडं केलं, काम बंद म्हणाले. संध्याकाळी तिथला मोगरा करपला होता.

१५ एप्रिल
साहेब बाहेरगावी. मनकर्णाला गळ घालून आत गेले. मले भेव वाटते म्हणत ती चुलीपाशीच थांबली.
घंगाळ भरलं. हात घातला, तो कुणीतरी धरला. गार बोटं. मनगट चाचपलं, सोडून दिलं. मग दुसऱ्याची बोटं. तीही मनगटाशी थांबून गेली.
घरी येताना कळलं. बुडालेले खलाशी बांगड्या शोधतात. आपापल्या बायकांच्या. माझं मनगट मोकळं.
हे येऊन, न ओळखता गेले असतील तर?

१६ एप्रिल
बर्डीच्या बाजारात हिरव्या बांगड्या भरल्या. कपाळाकडे बघून कासार थबकला. भरा म्हटलं.

दुपार
डावा हात पाण्यात. उजव्यानं लिहिते आहे.
धरला. ह्यांचा नाही. पण सोडत नाही —
आणखी एक. आणखी — कोपरापर्यंत —
बांगड्या लागल्या की प्रत्येकाला वाटतं, आपलीच —
ह्यांचाही असेल यात. ओळखू कसा —
मनकर्णा मागून ओढते आहे. पाणी खांद्याशी. घंगाळ एवढं खोल कुठे —
मी कुणाची ते ओरडून सांगते आहे, पण हे सगळे बांगड्यांनाच —