चीजवाल्याची भूमिका

पॅरिस, ४ मार्च

ती. गिलेनताईस,
सा. न. वि. वि.

उभी असशील तर आधी बस. तुझ्या भावाला मुख्य भूमिका मिळाली आहे! एकतीस वर्षं मी कमी खर्चाच्या आणि थोर विचारांच्या सिनेमांत सात वेळा नोटरी झालो, दोनदा प्रेत झालो. प्रेताचं काम समीक्षकांना आवडलं होतं. रस्त्यात लोक थांबवतात, पण त्यांना मी त्यांचा दंतवैद्य वाटतो.

आता पूर्ण दोन तास मीच, गावातला विधुर चीजवाला. दिग्दर्शिका ओरेली तिशीची आहे. कधी हसत नाही, म्हणजे प्रतिभावान असणार. निरीक्षणासाठी आम्ही दोघं आठवडाभर तुझ्या चीजच्या दुकानात येतो. तू नेहमीसारखीच वाग, जमलं तर जरा कमी खडूस. अठ्ठावन्नाव्या वर्षी हे हातचं गेलं तर पुन्हा येणार नाही, ताई.

लोभ आहेच, तो मुरत जावा.
तुझा,
रेजिस

ओरियाक, २२ मार्च

चि. रेजिस,
अनेक आशीर्वाद.

तू एप्रन बांधून आठवडाभर असे उसासे टाकलेस की मादाम पुजोल घाबरून पाव किलोऐवजी अर्धा किलो चीज घेऊन गेल्या. धंद्याला तू बरा आहेस.

काल तुझी ओरेली एकटीच परत आली. मी मऊ कामांबेर चीज किती पिकलंय ते अंगठ्यानं दाबून बघत गिऱ्हाइकाला विचारत होते, आज खाणार की रविवारी. ती बघतच राहिली. म्हणाली, ही भूमिका आता बाईची आणि ती तुम्हीच करायची. मला खरे हात हवेत, नटाचे नकोत. मी सुनावलं, नट माझा भाऊ आहे, त्याच्या ताटातलं मी ओढणार नाही, चालती हो. तर म्हणते, मग शेजारच्या गावातली चीजवाली बघते. म्हणजे माझ्या त्यागाचा तुला काडीचा उपयोग नाही.

तिनं तुला कळवलं नसणार, म्हणून मीच लिहितेय. फार वाईट वाटतंय रे. तुला हसायचा हक्क माझा आहे, तिचा नाही. काय करू ते सांग.

रागावलास तरी पत्र धाड.
तुझी ताई,
गिलेन

पॅरिस, २६ मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

अभिनंदन. मी एकतीस वर्षं घासली आणि तू एका अंगठ्यात भूमिका नेलीस. दोन दिवस तुझं नाव काढलं नाही. आरशासमोर चार कामांबेर दाबून पाहिली, चारही फुटली. मग रडत रडत खाल्ली, खोटं कशाला बोलू?

काम घे. परक्या बाईकडे जाण्यापेक्षा घरात राहू दे. ओरेलीला फोन केला, तर तिनं मोठ्या मनानं मला सिनेमातल्या तुझ्या दुकानापुढच्या रांगेतलं तिसरं गिऱ्हाईक देऊ केलं. मी नाही म्हणालो. जन्मात पहिल्यांदाच एखादी भूमिका नाकारली, आणि बरं वाटलं.

आता माझी अट ऐक. तू सहा आठवडे शूटिंगला जाशील, तेव्हा दुकान बंद ठेवायचं नाही. काउंटरमागे मी उभा राहतो. रोज आठ तास काम, समोर खरी माणसं आणि माझा भाग कापायला संकलक नाही. इतकं मोठं काम मला आजवर कुणी दिलेलं नाही.

माया पातळ होऊ देऊ नकोस. आणि गिऱ्हाइकांना सांगून ठेव, माणूस नवा आहे, हात बसायला वेळ लागेल.

तुझा,
रेजिस