तळ्यात बुडालेली मागणी

लॉस एंजेलिस, १२ मे १९२२

चि. लेटीस आजीचे पोटभर आशीर्वाद.

शाळा तिसरीत सुटली माझी, तेव्हा अक्षराला हसू नकोस. तुझा भाऊ ओटिस सिनेमात लोकांना हसवायला रोज पडतोच आहे. परवा तीनदा पिंपात पडला. गर्दीत म्हातारी लागली की मलाही उभं करतात. टोपी मात्र माझी मलाच न्यावी लागते.

तर काय सांगत होते? हां, विनी. स्टुडिओत फिल्म कापून जोडते ती. ओटिसनं रविवारी तिला तळ्यावर नेलं, लग्नाचं विचारायला. विचारायला म्हणून होडीत उठून उभा राहिला आणि होडीच उलटली! काठावरचे लोक टाळ्या पिटायला लागले, त्यांना वाटलं शूटिंगच चाललंय. आणि आपल्या शहाण्यानं काय करावं? सवयीनं आधी काठाकडे, कॅमेरा असतो तिकडे, वळून डोळे फिरवले. मग तिला हात दिला. विनी म्हणाली, मी गटांगळ्या खात होते आणि तू तोंडं करत होतास, जा, नाही करायचं मला लग्न. तेव्हापासून पोरगा धड जेवत नाही गं.

काहीतरी सुचव, आणि म्हातारीवरची माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझी आजी

टोलेडो, २० मे १९२२

ती. आजीस लेटीचा सा. न.

आधी हसले, मग जीव कळवळला. दादाला म्हणावं, नुसती माफी माग. फुलंबिलं नेऊ नकोस, त्यातही तोंडावर आपटशील. आणि तू या वयात त्या धांदलीत कशाला उभी राहतेस? जपून राहा, आम्हाला तू हवी आहेस.

तुझी लेटी

लॉस एंजेलिस, २ जून १९२२

चि. लेटीस अ. उ. आ.

घाबरू नकोस, पाय नुसता मुरगळलाय. शूटिंगला ओटिसनं घसरावं म्हणून साबणाचं पाणी सांडलं होतं, घसरले मी! दिग्दर्शक ओरडत होता, थांबू नका, म्हातारी झकास पडली. कॅमेरेवाला हँडल फिरवतच राहिला. पण ओटिस कॅमेऱ्याकडे पाठ करून धावला, मला उचललं आणि हमसाहमशी रडला. दृश्य वाया गेलं, शिव्या खाल्ल्यान् मेल्यानं.

ती फिल्म गेली विनीकडेच. दुसऱ्या दिवशी सूप घेऊन आली. म्हणे, तेवढा तुकडा चारदा पाहिला, फेकवेना. ओटिसला म्हणाली, विचार आता पुन्हा. तो आपला टोपी चुरगाळत उभा, बाई! शेवटी तिनंच विचारलं, करतोस का माझ्याशी लग्न. हा नुसता मान डोलावतोय, डोलावतोय. मी पलंगावरून ओरडले, अरे, पुरे, कळलं तिला!

ऑगस्टात लग्न आहे. तू येच, नाहीतर मी बोलायची नाही.

तुझीच, एका पायावर नाचणारी,
आजी