वरवंट्याचा देव

६ फेब्रुवारी १९६८
वरवंटा सापडत नाही! पाटा जागेवर आहे, वरवंटा गायब. चटणी खलबत्त्यात कुटली. यांना विचारलं तर खेकसले — "धरण उरावर बसलंय आणि तुला वरवंट्याचं पडलंय!"

७ फेब्रुवारी
गावात एकच गलका — धरणाच्या रस्त्यासाठी खुंट्या ठोकल्यात तिथे देव वर आला! मीही हळदकुंकू घेऊन गेले. शेंदूर थापलेला, डोळे बसवलेले. आणि टोकाला टवका उडालेला — माझा वरवंटा! आईने लग्नात दिलेला. आमच्या लेकीच्या, शालनच्या बारशाला यालाच कुंची घालून "कुणी गोविंद घ्या" म्हटलं होतं.
वरच्या वाडीतला ड्रायव्हर, सावळा, सरकारी बुलडोझर घेऊन आला. देव दिसताच चपला काढून आडवा पडला. काम बंद! लोकांनी यांना खांद्यावर घेतलं. पुढारी ना आमचे हे!
घरी जाब विचारला, तर हसले. "रस्ता आपल्या घरावरून जातोय. नोटीस आलीय. डाव टाकावाच लागतो."
देवाच्या नावाने?

१० फेब्रुवारी
धरणाच्या साहेबाने सावळ्याला दम दिला, चालव नाहीतर घरी बस. बिचाऱ्याने चालवलं. दगड उखडून बाजूला पडला. आता वाडी त्याच्या घरचं पाणीसुद्धा पीत नाही. आणि हे ओट्यावरून भाषण ठोकतात — "देव पाडणारा आपल्यातलाच निघाला!" जनाची नाही तर मनाची तरी!

१३ फेब्रुवारी
सावळ्याची चिंगी तापाने फणफणलीय. तो नोकरीवर जात नाही, जेवत नाही, त्या दगडापुढे बसून आहे. त्याची बायको बाया माझ्या दारात रडली. "वैनी, ह्ये पोरीला डागदराकडं न्हेऊ देत न्हाईत. म्हणत्यात, माजं पाप हाय, द्येवच सोडवंल."
यांना म्हटलं, खरं सांगून टाका. तर म्हणे, "लढा बुडेल. एका पोरीपायी अख्खं गाव घालवू?"
दुसऱ्याची पोर आहे ना! आपली शालन तापली असती तर बोलले असते का असं? संताप संताप झाला.

१४ फेब्रुवारी
पाटा डोक्यावर घेऊन गेले. सगळ्यांदेखत दगड उचलला, पदराने शेंदूर पुसला आणि पाट्यावर मिरची वाटली. म्हातारी येसूबाई ओरडली — "बाटवला गं द्येव!" मी म्हटलं, "हा देव नाही, माझा वरवंटा आहे. आमच्या यांनी आणून ठेवला. सावळ्या, ऊठ! पोरीला तळेगावच्या दवाखान्यात ने."
तो उठून घरी पळाला आणि पोरीला उचलून एस.टी.कडे धावत सुटला.
रात्री यांनी ताट भिरकावलं. "घरभेदी!" म्हणाले. म्हणू देत. चुलीत गेला तो डाव.

२३ फेब्रुवारी
चिंगी वाचली!
सावळा बुलडोझर घेऊन कामावर आला. आधी आमच्या स्वैपाकघराच्या दाराशी आला, माझ्या पाया पडला. कितीतरी वेळ उठेना. मग खाली बघतच म्हणाला, "वैनी, भांडीकुंडी काढून घ्या. आज हितनंच सुरू करायचंय."